रॅपरची निवडक थोरवी

‘ग्रेटेस्ट हिट्स’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या अल्बमची व्याख्या वरकरणी सोपी आहे: एखाद्या कलावंताच्या पूर्वप्रसिद्ध गाण्यांपैकी जी सर्वाधिक गाजली ती एकत्र करणे, त्यांना नवे कव्हर घालणे आणि जुन्या ग्राहकांना पुन्हा व नव्यांना प्रथमच विकणे, म्हणजे असे संकलन होय. भावगीतांच्या किंवा चित्रपटगीतांच्या बाबतीत ही व्याख्या निमूटपणे लागू पडते, कारण तेथे आपण थोर असल्याचे गायक स्वतः गाण्यात सांगत नसतो. ते काम त्याने रेकॉर्ड कंपनीवर सोपवलेले असते. रॅपच्या बाबतीत मात्र पेच पडतो. रॅप म्हणजे ठेक्यावर, ज्याला त्या व्यवसायात ‘बीट’ म्हणतात, यमकबद्ध शब्द झपाट्याने म्हणण्याची कला. न्यू यॉर्कच्या ब्राँक्स भागात ऑगस्ट १९७३ मध्ये डीजे कूल हर्क याने सेजविक ॲव्हेन्यूवरील एका इमारतीत वाजवलेल्या पार्टीपासून तिच्या कुळाचा, म्हणजे हिप-हॉपचा, इतिहास मोजण्याचा प्रघात आहे. या कलेचा एक मुख्य विषय असा की, म्हणणारा इसम हा उपस्थित, अनुपस्थित, हयात व दिवंगत अशा सर्व म्हणणाऱ्यांत श्रेष्ठ आहे. ज्याने पहिल्याच गाण्याच्या पहिल्याच कडव्यात हा निकाल जाहीर करून टाकला, त्याची श्रेष्ठ गाणी वेगळी काढायची म्हणजे उरलेल्या गाण्यांतील दाव्यांवर कंपनीने लेखी हरकत नोंदवण्यासारखे आहे.

या पेचाची दुसरी बाजू त्याहून मनोरंजक आहे. रॅपर आपल्या गाण्यांत मोटारी, हिरे, शत्रूंची दाणादाण आणि शहरात आपल्या शब्दाला असलेले वजन यांविषयी विस्ताराने सांगतो. परंतु आपली कोणती गाणी सर्वोत्तम, हे ठरवण्याच्या कामी त्याच्या शब्दाला पुष्कळदा काहीच वजन नसते. तो अधिकार ‘मास्टर’ ज्याच्या मालकीचा त्याच्याकडे असतो, आणि मास्टर म्हणजे गाण्याचे मूळ ध्वनिमुद्रण. नवा रॅपर करारावर सही करतो तेव्हा कंपनी, जिला ‘लेबल’ म्हणण्याची रीत आहे, त्याला उचल देते. ही उचल पुढे त्याच्याच मानधनातून वळती होते, स्टुडिओचा खर्चही बहुधा त्याच वाटेने जातो, आणि हे सर्व फिटल्यावरही मूळ ध्वनिमुद्रण पुष्कळदा कंपनीच्याच तिजोरीत राहते. साहजिकच संकलन काढायचे ठरले की रॅपर दौऱ्यावर असो, तुरुंगात असो, प्रतिस्पर्धी लेबलमध्ये गेलेला असो की जगातूनच गेलेला असो, काम अडत नाही. किंबहुना शेवटच्या दोन परिस्थितींत ते अधिक उत्साहाने होते, असे या प्रकाराचा इतिहास पाहता म्हणावे लागते.

करारात रॅपरने किती अल्बम द्यावयाचे याचा आकडा ठरलेला असतो, आणि अशा पुष्कळ करारांत संकलन त्या आकड्यात धरले जाणार नाही, असे कलम असते. म्हणजे ज्या अल्बमच्या कव्हरवर कंपनी त्याची सर्वोत्तम कामगिरी आत असल्याचे छापते, तो अल्बम त्याच कंपनीच्या हिशेबी त्याच्या कामगिरीत मोडत नाही. करारातील कलमे आणि कव्हरवरील विशेषणे निराळ्या मजल्यांवर लिहिली जात असावीत.

विक्रीची अडचण याहून जुनी आहे. ज्या चाहत्याला हा रॅपर आवडतो त्याच्या घरी ही गाणी आधीच असतात, आणि ज्याच्या घरी ती नाहीत त्याला तो रॅपर आवडत असल्याचा पुरावा नसतो. यावर उपाय म्हणून संकलनात दोन-चार अप्रकाशित गाणी घालण्याची प्रथा पडली. ही गाणी तोवर स्टुडिओबाहेर फारशी कोणी ऐकलेली नसतात. तरी ती सर्वाधिक गाजलेल्या गाण्यांत छापली जातात, आणि गाजणे ही क्रिया प्रकाशनाच्या आधी कशी पूर्ण झाली असा प्रश्न सहसा कोणी विचारत नाही. चाहता मात्र त्या दोन-चार गाण्यांसाठी, तोंडपाठ असलेल्या उरलेल्या सर्व गाण्यांचे पैसे पुन्हा मोजतो. भक्तिभाव आणि घाऊक खरेदी यांचा इतका निकटचा संबंध अन्य क्षेत्रांत क्वचितच आढळतो.

या प्रकाराचा अभिजात नमुना म्हणून टुपाक शकूर याच्या ‘ग्रेटेस्ट हिट्स’कडे पाहावे लागते. १९७१ मध्ये न्यू यॉर्कच्या हार्लेममध्ये जन्मलेला, बाल्टिमोरच्या कलाविद्यालयात शिकलेला आणि पुढे कॅलिफोर्नियात नावारूपाला आलेला हा रॅपर लास वेगासमध्ये झालेल्या गोळीबारात जखमी होऊन १३ सप्टेंबर १९९६ रोजी, वयाच्या पंचविसाव्या वर्षी मरण पावला. हयातीत त्याचे चार अल्बम निघाले होते. मृत्यूला दोन महिने होण्याच्या आत पाचवा निघाला, पुढल्या वर्षी सहावा आला, आणि नोव्हेंबर १९९८ मध्ये दोन सीडींचे, पंचवीस गाण्यांचे हे संकलन बाजारात उतरले. संकलन हे कारकिर्दीच्या अखेरीस काढावयाचे असते, असा संकेत आहे. टुपाकच्या बाबतीत त्यानंतरही २००१, २००२, २००४ आणि २००६ मध्ये नवे अल्बम येत राहिले आणि मरणोत्तर अल्बमांची संख्या हयातीतील अल्बमांच्या पुढे गेली. तात्पर्य, संकलन निघाले तेव्हा त्याची कारकीर्द ऐन भरात होती. कलावंत तेवढा हयात नव्हता. त्याने सुमारे वर्षभराच्या अखेरच्या काळात झपाटल्यासारखी गाणी ध्वनिमुद्रित करून ठेवली होती हे या उत्पादनक्षमतेचे कारण, आणि ती गाणी पुरवून पुरवून वापरण्याचे श्रेय अर्थातच व्यवस्थापनाचे.

या संकलनावर दोन बाजूंचे हक्क एकत्र आलेले दिसतात. एक बाजू ‘अमारू एंटरटेनमेंट’ची, म्हणजे टुपाकची आई अफेनी शकूर हिने मुलाच्या पश्चात त्याची गाणी सांभाळण्यासाठी स्थापन केलेल्या संस्थेची; दुसरी ‘डेथ रो रेकॉर्ड्स’ची, जिचा सर्वेसर्वा शुग नाइट हा त्या वेळी प्रोबेशनच्या अटींचा भंग केल्यामुळे तुरुंगात होता. अशा रीतीने गायक स्मशानात, मालक कारागृहात आणि माल दुकानात अशी विभागणी झालेली असताना या अल्बमने जो खप मिळवला, तो व्यवस्थापनशास्त्राच्या पाठ्यपुस्तकांत अद्याप का आला नाही, हे सांगता येत नाही.

खपाविषयी थोडे तांत्रिक स्पष्टीकरण आवश्यक आहे. अमेरिकेतील ध्वनिमुद्रण उद्योगाची संघटना, आरआयएए, खपाच्या आकड्यांवरून अल्बमांना धातूंची व खनिजांची नावे देते: पाच लाखांना सुवर्ण, दहा लाखांना प्लॅटिनम आणि एक कोटीला डायमंड. टुपाकचे संकलन डायमंड ठरले. मात्र या संघटनेच्या नियमानुसार शंभर मिनिटांहून लांब असलेल्या दोन सीडींच्या संचातील प्रत्येक सीडी वेगळी मोजली जाते. म्हणजे एका ग्राहकाने एकदा पैसे मोजून एक डबा घरी नेला की संघटनेच्या वहीत दोन प्रतींची नोंद होते. एक कोटीचा टप्पा गाठण्यास पन्नास लाख डबे पुरतात. पन्नास लाख हाही लहानसहान आकडा नव्हे, हे येथे टुपाकच्या चाहत्यांच्या समाधानासाठी नमूद करणे इष्ट. त्यांच्याशी वाद घालण्याची प्रथा नाही.

निवडीकडे वळल्यास संकलकापुढील खरी अडचण ध्यानात येते. टुपाक हा एकाच वेळी सुधारक, शोकाकुल कवी, विलासी तरुण आणि मारामारीस सदैव सिद्ध असलेला गडी होता, आणि या चौघांचीही गाणी गाजली होती. म्हणून पहिल्या सीडीचा आरंभ ‘कीप या हेड अप’ या, स्त्रियांची बाजू घेणाऱ्या व त्यांना धीर देणाऱ्या गाण्याने होतो आणि शेवट ‘हिट ’एम अप’ या डिस ट्रॅकने. डिस ट्रॅक म्हणजे प्रतिस्पर्ध्याचा नाव घेऊन पाणउतारा करणारे गाणे. कलगी-तुऱ्याचे फड ज्यांना ठाऊक आहेत त्यांना या प्रकाराची कल्पना चटकन येईल, फक्त तेथे हरणाऱ्याने तुरा उतरवून द्यावयाचा असे आणि येथे दोन्ही बाजूंना शस्त्रधारी अंगरक्षक असत. हे विशिष्ट गाणे न्यू यॉर्कचा रॅपर नोटोरियस बी.आय.जी. याला उद्देशून असून ते त्याच्या व्यवसायापासून त्याच्या संसारापर्यंत कशालाही मोकळे सोडत नाही. स्त्रीसन्मानाने आरंभ करून प्रतिस्पर्ध्याच्या पत्नीविषयी अनुदार उद्गारांनी समारोप करणाऱ्या सीडीला सुसंगत म्हणता येणार नाही. परंतु सुसंगत माणसाची पंचवीस गाणी गाजत नाहीत, हेही खरे. दुसऱ्या सीडीत ‘डिअर मामा’ हे आईविषयीचे गाणे आहे. २०१० मध्ये अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने ते राष्ट्रीय ध्वनिमुद्रण संग्रहात जतन करण्यासाठी निवडले, आणि असा मान मिळण्याइतपत मृदू असलेला हा कवी त्याच डब्यात मागे काय बोलून आला आहे, याची वाच्यता ग्रंथालयाने केली नाही.

नव्या गाण्यांची जी प्रथा वर सांगितली तिचे सर्वात चमत्कारिक उदाहरणही येथेच सापडते. या संकलनात पूर्वी अप्रकाशित अशी चार गाणी होती, आणि त्यांपैकी एक होते ‘चेंजेस’. टुपाकने ते १९९० च्या दशकाच्या आरंभी म्हटले होते. त्यातील पियानोची धून ब्रूस हॉर्न्सबी या गोऱ्या गायकाच्या १९८६ सालच्या ‘द वे इट इज’ या गाण्यावरून घेतलेली आहे. असे जुन्या ध्वनिमुद्रणातील तुकडे किंवा धुना उचलून त्यांवर नवे गाणे बांधण्याला ‘सॅम्पल’ करणे म्हणतात, आणि तो उघडपणे, परवानगी घेऊन व मोबदला देऊन करण्याचा व्यवहार आहे, असे न्यायालयांनी हिप-हॉपला बऱ्याच खटल्यांनंतर समजावून दिले. दारिद्र्य, पोलिसांची वागणूक आणि वर्णद्वेष यांविषयीचे हे गाणे जगभर इतके लोकप्रिय झाले की, आज ज्यांना टुपाकचे एकच गाणे ठाऊक असते त्यांना बहुधा हेच ठाऊक असते. म्हणजे ‘गाजलेली गाणी’ या शीर्षकाखाली जे गाणे छापताना कंपनीने सत्याशी उघड प्रतारणा केली, तेच पुढे सर्वांत सत्य ठरले. एवढेच नव्हे, तर गायकाच्या मृत्यूनंतर तीन वर्षांहून अधिक काळाने, २००० सालच्या ग्रॅमी पुरस्कारांत, त्या गाण्याला एकट्या रॅपरच्या उत्कृष्ट सादरीकरणासाठी नामांकन मिळाले. पुरस्कार मात्र एमिनेम या हयात रॅपरने नेला. डिसेंबर २००९ मध्ये व्हॅटिकनने मायस्पेस या संकेतस्थळावर आपल्या पसंतीच्या बारा गाण्यांची यादी ठेवली, तिच्यातही ‘चेंजेस’ होते. धर्मपीठाने संपूर्ण संकलनाची शिफारस केली नाही, यावरून तेथे कोणीतरी पहिली सीडी शेवटपर्यंत ऐकली असावी असे मानण्यास जागा आहे.

‘कॅलिफोर्निया लव्ह’ या गाण्याची हकीकत लहान, पण बोधक आहे. टुपाकच्या हयातीतील अखेरच्या, दोन सीडींच्या अल्बममध्ये या गाण्याचे रिमिक्स, म्हणजे नव्या ठेक्यावर बसवलेले रूप, घातले होते; रेडिओवर आणि पार्ट्यांत वाजत असलेले मूळ रूप त्यात नव्हतेच. ते अल्बममध्ये मिळावे म्हणून चाहत्यांना संकलनाची वाट पाहावी लागली. आधी माल थोडा कमी द्यावा आणि राहिलेला भाग पुढे ‘सर्वोत्तम’ म्हणून विकावा, ही युक्ती कोणी मुद्दाम योजली असेल असे नाही. व्यापारात पुष्कळ चांगल्या गोष्टी आपोआप घडतात.

एप्रिल २०१२ मध्ये कॅलिफोर्नियातील कोचेला महोत्सवात टुपाक रंगमंचावर अवतरला. वृत्तपत्रांनी त्याला होलोग्राम म्हटले, परंतु ती मुळात काचेवरील प्रतिबिंबाची, एकोणिसाव्या शतकातील नाटकवाल्यांची भूत दाखवण्याची जुनी करामत होती. या आकृतीने श्रोत्यांना महोत्सवाचे नाव घेऊन अभिवादन केले, जरी तो महोत्सव तिच्या मूळ धन्याच्या मृत्यूनंतर तीन वर्षांनी सुरू झाला होता; मग ‘हेल मेरी’ म्हटले आणि स्नूप डॉग या रॅपरच्या जोडीने ‘टू ऑफ अमेरिकाज मोस्ट वाँटेड’ म्हटले. ही दोन्ही गाणी संकलनाच्या पहिल्या सीडीवरची, आणि पाठोपाठ संकलन अमेरिकेच्या खपाच्या यादीत पुन्हा शिरले. सर्वोत्तम गाणी तेवढीच म्हणावयाची, विश्रांती मागावयाची नाही, मानधनाच्या वाटाघाटीत तोंड उघडावयाचे नाही आणि वेळेवर रंगमंचावर यावयाचे, अशा कलावंताचे स्वप्न रेकॉर्ड कंपन्या फोनोग्राफच्या काळापासून पाहत आल्या असाव्यात.

त्याआधी, २००७ च्या डिसेंबरात, टुपाकची निवड आणखी एकदा झाली होती. या खेपेस ‘बेस्ट ऑफ टुपाक’ असे दोन भाग निघाले, पैकी पहिल्याचे नाव ‘ठग’ आणि दुसऱ्याचे ‘लाइफ’. हे दोन शब्द टुपाकने पोटावर एकत्र गोंदवून घेतले होते आणि त्यांचे नाते हाच त्याच्या विचारांचा गाभा होता, असे त्याचे अभ्यासक सांगतात. कंपनीने ते सुटे करून दोन किमती लावल्या. दंगेखोर गाणी एका भागात आणि विचारी गाणी दुसऱ्यात गेल्यामुळे ग्राहकाची सोय झाली, यात शंका नाही. एखाद्या संतकवीचे करुणेचे अभंग एका पुस्तकात आणि दांभिकांना शिव्या घालणारे दुसऱ्यात छापावयाचे, असे कोणा प्रकाशकाला अजून सुचलेले नाही. ही ओळ त्याच्या वाचनात न येवो.

ज्याला टुपाकने गाण्यातून झोडपले तो नोटोरियस बी.आय.जी. उर्फ बिगी हा ९ मार्च १९९७ रोजी लॉस एंजेलिसमध्ये गोळीबारातच मारला गेला. त्याच्या हयातीत त्याचा एकच अल्बम निघाला होता, त्याचे नाव ‘रेडी टु डाय’; दुसरा मृत्यूनंतर सोळा दिवसांनी निघाला, त्याचे नाव ‘लाइफ आफ्टर डेथ’ असे आधीच ठरलेले होते. २००७ च्या मार्चमध्ये, दहाव्या स्मृतिदिनाच्या तीन दिवस आधी, ‘ग्रेटेस्ट हिट्स’ निघाला आणि थेट अमेरिकेच्या खपाच्या यादीत अग्रस्थानी गेला. दोन अल्बमांवर आणि मरणोत्तर काही डागडुजीवर उभ्या असलेल्या या निवडीत निवडीला वाव किती, हा प्रश्न रास्त आहे; परंतु बिगीचे ज्यांनी कान देऊन ऐकले आहे त्यांचा आक्षेप उलट दिशेचा असतो, म्हणजे उरलेली गाणी वगळलीच कशी, असा. त्या दोन अल्बमांत गाळण्यासारखे थोडेच आहे, हे मत या लेखातही ग्राह्य धरले आहे.

अशा संकलनांच्या कव्हरवर एका कोपऱ्यात काळ्या-पांढऱ्या रंगाचा एक छोटा आयत असतो, त्याचाही उल्लेख करावयास हवा. आतील शब्द मुलांच्या कानी पडण्याजोगे नाहीत, असा पालकांना इशारा देणारी ही पट्टी १९८५ मध्ये अमेरिकेच्या सिनेटपुढे झालेल्या सुनावणीनंतर प्रचारात आली आणि १९९० पासून तिला ठराविक रूप मिळाले. पट्टीमुळे मुले दूर राहतील अशी अपेक्षा होती. मुलांनी तिचा उपयोग अल्बम निवडण्यासाठी केला. पट्टी नको असलेल्या दुकानांसाठी कंपन्या ‘क्लीन’ आवृत्ती काढतात, जिच्यात आक्षेपार्ह शब्द पुसलेले असतात, आणि काही रॅपरांच्या बाबतीत अशा आवृत्तीतून मागची वाद्ये प्रथमच नीट ऐकू येतात.

हयात रॅपरच्या संकलनाचे शास्त्र निराळे आहे, कारण तेथे कलावंताला निवृत्त करावे लागते. डिसेंबर २००५ मध्ये डेट्रॉइटच्या एमिनेमचे ‘कर्टन कॉल: द हिट्स’ निघाले. नाटक संपल्यावर नटमंडळी पडद्यापुढे येऊन वाकून अभिवादन करतात त्यास कर्टन कॉल म्हणतात. त्यामुळे हा गृहस्थ आता घरी बसणार अशी वदंता पसरली, ती त्याने फेटाळली, आणि चाहत्यांनी दोन्ही शक्यता गृहीत धरून अल्बम विकत घेतला. पुढला अल्बम २००९ मध्ये आला, त्यानंतर आणखी आले, आणि २०२२ मध्ये ‘कर्टन कॉल २’ निघाले, म्हणजे पडदा पडल्यावरचे अभिवादन सतरा वर्षांच्या अंतराने पुन्हा झाले. न्यू यॉर्कच्या जे-झी याने २००३ मध्ये ‘द ब्लॅक अल्बम’ काढून रीतसर निवृत्ती जाहीर केली होती आणि २००६ मध्ये तो परतला. हिप-हॉपमधील निवृत्ती ही दीर्घ रजा असते आणि रजेच्या अर्जाचीही प्रसिद्धी होते.

‘कर्टन कॉल’मध्ये एक बारकावा आहे. त्यात एकच गाणे दोनदा आले आहे, आणि ते म्हणजे ‘स्टॅन’: आपल्या आवडत्या रॅपरला पत्रांमागून पत्रे लिहिणाऱ्या, उत्तर न आल्याने बेभान होणाऱ्या चाहत्याची ही शोकांतिका. एकदा ते मूळ रूपात येते आणि अखेरीस २००१ च्या ग्रॅमी समारंभातील रूपात, ज्यात समलिंगी व्यक्तींविषयीच्या एमिनेमच्या ओळींचा निषेध होत असताना एल्टन जॉन याने त्याच्याबरोबर गाऊन साऱ्यांनाच चकित केले होते. चाहत्याने कोठवर वाहवत जावे याला मर्यादा असावी, असे सुचवणारे गाणे त्याच चाहत्याला एका किमतीत दोनदा देण्यामागे कोणते धोरण होते, ते कळत नाही. काहीही असो, या संकलनाने ‘बिलबोर्ड’ या अमेरिकी नियतकालिकाच्या अल्बम-यादीत पाचशेहून अधिक आठवडे मुक्काम केला. अलीकडे त्या यादीत इंटरनेटवर ऐकलेली गाणीही हिशेबात धरतात, त्यामुळे जुनी गाणी कोणी कोठेही सहज लावली की त्याचे पुण्य संकलनाच्या खात्यावर जमा होऊ शकते. संकलनाला आता काहीच करावे लागत नाही. पूर्वीही फारसे करावे लागत नव्हते.

किरकोळ उपप्रकारांची दखल थोडक्यात पुरे. जे-झीचे ‘द हिट्स कलेक्शन, व्हॉल्यूम वन’ २०१० मध्ये निघाले. दुसरा खंड निघालेला नाही, आणि मराठी कोशवाङ्मयाशी परिचित वाचकाला याचे आश्चर्य वाटणार नाही. पब्लिक एनिमी या जहाल राजकीय भूमिकेच्या गटाने १९९२ मध्ये ‘ग्रेटेस्ट मिसेस’ नावाचा अल्बम काढून त्यात नवी गाणी आणि जुन्यांची रिमिक्स रूपे घातली, आणि या संपूर्ण प्रकाराची चेष्टा करण्याचा मान मिळवला. व्हॅनिला आइस याच्या ‘आइस आइस बेबी’ने १९९० मध्ये बिलबोर्डच्या एकल गाण्यांच्या यादीत अग्रस्थान पटकावणारे पहिले हिप-हॉप गाणे होण्याचा विक्रम केला, त्याचेही ‘बेस्ट ऑफ’ संकलन आहे, आणि त्यात ते गाणे सोडून इतर गाणी कोणती, हे पाहण्याची तसदी खरेदीदारांपैकी किती जणांनी घेतली असेल याविषयी न बोललेले बरे.

गाणी सीडीतून सुटून फोनमध्ये गेल्यावर या प्रकाराचा पाया खचला. कोणत्याही रॅपरची सर्वाधिक ऐकली जाणारी गाणी ॲप आपणहून वर आणून ठेवते. निवडीसाठी ना संपादक लागतो, ना मृत्यू. ड्रेक या रॅपरने तर २०१९ मध्ये, पूर्वी कोणत्याच अल्बममध्ये न घातलेली, इंटरनेटवर सुटी फिरत असलेली गाणी ‘केअर पॅकेज’ नावाने एकत्र केली आणि तेही संकलन अग्रस्थानी गेले. मुंबईच्या गल्लीतील रॅपला सीडीचा काळ भेटलाच नाही. डिव्हाइन आणि नेझी यांचे ‘मेरे गल्ली में’ २०१५ मध्ये आले, त्या दोघांच्या जीवनावरून सुचलेला ‘गल्ली बॉय’ हा चित्रपट २०१९ च्या फेब्रुवारीत झळकला, आणि डिव्हाइनचा ‘कोहिनूर’ हा पहिला अल्बम त्याच वर्षी, मागाहून आला; चित्रपट ही जर जीवनकार्याची निवडक आवृत्ती मानली, तर अंधेरीच्या या रॅपरच्या बाबतीत निवडक आधी आणि समग्र नंतर, असा क्रम लागतो. त्या चित्रपटाशी कार्यकारी निर्माता म्हणून नाव जोडलेला न्यू यॉर्कचा नास हा मात्र जुन्या पठडीतला. त्याचे ‘ग्रेटेस्ट हिट्स’ २००७ मध्ये रीतसर निघाले होते, आणि १९९४ चा त्याचा ‘इलमॅटिक’ हा पहिला अल्बम अथपासून इतिपर्यंत सलग ऐकावयाचा असतो असे मानणारे लोक त्या संकलनाचे नाव काढले तरी दुखावतात. त्यांचे दुःख योग्य आहे.

सर्वात सूचक प्रकरण स्नूप डॉगचे. हा लाँग बीचचा रॅपर १९९८ मध्ये डेथ रो सोडून दुसऱ्या लेबलकडे गेला, परंतु त्याची जुनी ध्वनिमुद्रणे मागे राहिली. डेथ रोने २००० मध्ये त्याची न वापरलेली गाणी ‘डेड मॅन वॉकिन’’, म्हणजे चालते प्रेत, अशा नावाखाली बाजारात आणली, आणि २००१ मध्ये ‘डेथ रो: स्नूप डॉगी डॉग ॲट हिज बेस्ट’ हे संकलन काढले. या दुसऱ्या नावातील खोच दुर्लक्षिण्याजोगी नाही: स्नूप सर्वोत्तम होता हे कंपनीला मान्य, परंतु केव्हा, तर आमच्याकडे होता तेव्हा. स्तुतीच्या मिषाने काढलेले हे सेवासमाप्तीचे प्रमाणपत्रच होते. पुढे शुग नाइटचे दिवाळे निघाले, कंपनी एका हातातून दुसऱ्या हातात गेली, आणि फेब्रुवारी २०२२ मध्ये डेथ रो हे नाव विकत घेतले ते स्नूपने. मालक झाल्यावर त्याने डेथ रोचे नामांकित जुने अल्बम, ज्यांत त्याचा स्वतःचा ‘डॉगीस्टाइल’ही होता, स्ट्रीमिंगच्या ॲपवरून काही काळ उतरवून ठेवले आणि २०२३ मध्ये ते परत चढवले. ‘ॲट हिज बेस्ट’ची सुधारित आवृत्ती काढण्याबद्दल नव्या व्यवस्थापनाने अद्याप काही जाहीर केलेले नाही.